गझल फाडायला लावणाऱ्या काकांना

ती. काकांस,
सा. न. वि. वि.

फ्रेंच नाटककार मोलिएरच्या ‘ल मिझांथ्रोप’ (माणूसघाणा) या नाटकाचं सोलापुरी रूपांतर तालमीला घेण्याजोगं झालं ते तुमच्या लाल पेनामुळे. आभार कशाकशाचे, ते नीट लिहूनच मानतो.

पहिला कवितेच्या प्रवेशाचा. मुळात ओरोंत हा हौशी कवी नायक आल्सेस्तचं मत घ्यायला सुनीत (सॉनेट) वाचतो, आपला कवी मुशायऱ्याच्या थाटात गझल म्हणतो. पहिल्या खर्ड्यात ती मुद्दाम टुकार होती. हशा हमखास, तरी तुम्ही फाडायला लावलीत. कविता उघड भिकार असली की नायक नुसता बरोबर ठरतो आणि पुढचे चार अंक त्याला काम उरत नाही. ती निम्म्या प्रेक्षकांनी ‘वा’ म्हणावं इतकी बरी हवी. 1666 मध्ये पॅरिसच्या प्रेक्षकांनी त्या सुनीताला दाद दिली आणि मग ते ओशाळले, असं सांगतात. आता पाच शेर आहेत. काफिया (यमक) चोख, खयाल (कल्पना) शिळा.

त्याच प्रवेशात आल्सेस्त तीनदा ‘मी तसं म्हणत नाही, पण…’ करत टाळतो. लांबी कमी करताना त्यातले दोन कापले गेले होते, ते तुम्ही परत आणलेत. एकदाच म्हटलं तर ती सभ्यता वाटते. खरेपणाचा वसा घेतलेला माणूस तीनदा शेपूट घालतो तेव्हा हसू येतं. मग ‘चुलीत घाल बे ती वही!’ फुटतं. (एकाच ‘बे’वर थांबवलंत हेही बरं. दर वाक्याला घातला की सोलापूर राहतं बाजूला, नक्कल तेवढी ऐकू येते.)

पुढे सोवळेपणाचा आव आणणारी आर्सिनोए ‘तुझ्या भल्यासाठी सांगते’ म्हणत टोचते आणि नायकाची लाडकी सेलिमेन तिचेच शब्द तिला परत करते. दोन भाषणं दोन हातांनी लिहिलेली, शब्द जुळेनात. शेजारी-शेजारी दोन रकान्यांत मांडल्यावर जुळले.

शेवटच्या अंकातल्या, सेलिमेनने लिहिलेल्या पत्रांचे आम्ही व्हॉइस मेसेज केले होते. पण मुळात सेलिमेनचे चाहते ती स्वतः वाचतात, दुसऱ्याची टर उडवता उडवता आपली ओळ येते आणि पाणउतारा आपल्याच तोंडून होतो. स्पीकरवर हे सगळं जातं. आता मोबाइलवरचा मजकूर नटच वाचतो. स्क्रीन ऐन वेळी लॉक होते, म्हणून तो पाठही असतो.

शेवटी लग्न लावायचं नाही, मान्य. नायक निघून जातो, त्याचे दोन स्नेही त्याला परत आणायला धावतात, पडदा. तो स्टेशनकडे जातो की सात रस्ता चौकाकडे, यावर मात्र अजून भांडण आहे. रविवारी या, पेन घेऊन.

आपली,
नाटक मंडळी, सोलापूर