शंभर मीटरांची पट्टी

गुरुग्राम

प्रिय सुधीर,

सप्रेम नमस्कार. प्रकृती ठीक आहे. गुडघा कुरकुरतो, तेवढेच. पत्राचे निमित्त डोंगराचे आहे आणि ते तुझ्यावाचून कोणाला सांगावे, हे सुचेना.

अरवलीचा वाद तू वाचला असशीलच. आजूबाजूच्या जमिनीपासून शंभर मीटर उठेल तोच अरवलीचा डोंगर, ही व्याख्या सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२५ मध्ये मान्य केली आणि बुटक्या टेकड्या खाणींना मोकळ्या होतील अशी ओरड झाल्यावर डिसेंबरअखेरीस स्थगितही केली. शेजारी निश्चिंत झाले, मी नाही. दिल्लीपासून गुजरातपर्यंत सुमारे सातशे किलोमीटर गेलेली ही रांग हिमालयाहून कितीतरी जुनी, झिजून बुटकी झालेली. इकडे उत्तरेला तर ती तुटक, ठेंगण्या टेकड्यांतूनच दिसते आणि राष्ट्रपती भवन ज्या रायसीना टेकडीवर उभे आहे, तीही तिचाच भाग. वयाने झिजलेल्याला उंचीची पट्टी लावताना कोणी माझ्या गुडघ्याचे तरी मत घ्यायचे होते. थर वाळवंटाची वाळू अडवणे आणि भेगाळ खडकांतून पावसाचे पाणी जमिनीत मुरवणे, या कामांत ठेंगण्या टेकड्यांचाही वाटा असतो. तो शंभर मीटरांच्या हिशोबात कोठे धरायचा? राजस्थानात पाहणी केलेल्या १२८ टेकड्यांपैकी ३१ नाहीशा झाल्याचे २०१८ मध्ये न्यायालयापुढे आले, तेव्हा माणसे हनुमान होऊन डोंगर पळवू लागली काय, असे न्यायमूर्तींनीच विचारले होते. द्रोणागिरी निदान लक्ष्मणासाठी हलला. या टेकड्या खडीसाठी गेल्या.

तू म्हणशील, अरवलीचा एवढा पुळका कधीपासून? अबूच्या गुरुशिखराची, म्हणजे अरवलीच्या सर्वांत उंच शिखराची, १,७२२ मीटरची पाटी वाचून, १,६४६ मीटरच्या कळसूबाईची बाजू घेत, 'गाडी जवळजवळ माथ्यापर्यंत येते तो कसला डोंगर' म्हणून तू अबूहून उतरेपर्यंत भांडला होतास. सह्याद्रीचा तुझा माज मला मान्य आहे. पण हीच पट्टी आपल्या पर्वतीला लावून पाहा: १०३ पायऱ्या चढताना तू तीनदा बसायचास, ती पर्वतीही शंभर मीटर भरत नाही. स्थगिती उठून नवी व्याख्या येईल तेव्हा ती उंचीवरच अडेल की खडक, उतार आणि पाणीही पाहील, ही धास्ती मला आहे.

मुक्ताच्या साखरपुड्याची तारीख कळव. वहिनींना नमस्कार. नवे घर टेकडी फोडून बांधलेले नाही ना, तेवढे पाहून घे.

तुझा,
विनायक