हप्ता नव्हे, मुदत पाहा

संपादक महोदय,

घोडबंदर रोड किंवा खारघरच्या जाहिरातींत फ्लॅटची किंमत आणि गृहकर्जाचा मासिक हप्ता ठळक असतो. एकूण व्याज कुठेच नसते. 50 लाखांचे कर्ज, 8.5 टक्के व्याजदर, 20 वर्षे मुदत: हप्ता सुमारे 43,400 आणि निव्वळ व्याज 54 लाखांवर. पहिल्या हप्त्यातले जवळपास 35,400 व्याजातच जातात, मुद्दल फक्त आठेक हजारांनी कमी होते.

खरी मेख पुढे आहे. सुरुवातीलाच दर 9.5 झाला आणि हप्ता तोच ठेवला, तर मुदत 25 वर्षे 8 महिन्यांच्या पुढे जाते. खिशाला लगेच झळ बसत नाही, म्हणून ते लक्षातच येत नाही. दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, हे निवडण्याचा पर्याय ग्राहकाला द्या, असे रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट 2023 मध्ये बजावले आहे. तो लेखी मागावा आणि शक्य असल्यास हप्ताच वाढवावा.

दरवर्षी एक जादा हप्ता मुद्दलात भरला, तर मूळ 8.5 टक्क्यांच्या कर्जाची साधारण साडेतीन वर्षे वाचतात. वैयक्तिक फ्लोटिंग (बदलत्या व्याजदराच्या) गृहकर्जावर बँक त्यासाठी दंड लावू शकत नाही. मात्र भरताना ‘हप्ता तोच, मुदत कमी’ असे अर्जात स्पष्ट लिहावे.

मुद्रांक शुल्क, नोंदणीचा खर्च सहसा कर्जात बसत नाही. तो आधीच बाजूला ठेवावा.

– एक वाचक, ठाणे (प.)