दुसऱ्याच्या चित्रावर हात

ती. आई-बाबांस,
सा. नमस्कार.

बाबा, परवा फोनवर तुम्ही विचारलंत, "जुनी चित्रं दुरुस्तच करायची, तर ती पार नव्यासारखी का करत नाहीस?" आणि आई मध्येच म्हणाली, "दुसऱ्यांच्या नकला किती दिवस करणार?" दोन्हींची उत्तरं फोनवर धड देता आली नाहीत, म्हणून लिहितेय.

नव्यासारखं करणं अवघड नाही, बाबा. तो मोह आवरणं अवघड. तैलचित्रावरचं पिवळं पडलेलं व्हार्निश कापसाच्या बोळ्याने बोटभर जागेत उतरवायचं, बोळा तपासायचा, मग पुढे सरकायचं. मूळ रंग बोळ्यावर आला की थांबायचं. वरचा मळ काढायला कधीकधी चक्क लाळ वापरतात, तिच्यातली विकरं (एन्झाइम्स) उपयोगी पडतात. (आई, नाक मुरडू नकोस.) रंगाचे टवके उडालेत तिथे लुकण भरून रंग लावायचा, पण खड्ड्यापुरताच. आपला ब्रश मूळ रंगावर चढता कामा नये. शिवाय हा रंग पुढे कुणालाही मुळाला धक्का न लावता काढता आला पाहिजे. रोमच्या चेझारे ब्रांदी या कलासंवर्धन-तज्ज्ञांनी रुजवलेल्या पद्धतीत तर ही जागा बारीक उभ्या रेघांनी भरतात. लांबून चित्र अखंड दिसतं, जवळ गेलं की दुरुस्ती कुठे आहे ते कळतं. मला हा प्रामाणिकपणा फार आवडतो.

आता नकला. आई, नक्कल म्हणजे चोरी नव्हे. पॅरिसच्या लूव्र संग्रहालयात आजही रीतसर परवाना काढून चित्रांसमोर नक्कल करायला बसता येतं. मुख्य अट अशी, की प्रतीचं माप मुळाहून वेगळं हवं आणि चित्रकाराची सही उतरवायची नाही. डच चित्रकार रेम्ब्रांचं १६४२ चं 'नाइट वॉच' हे भव्य चित्र १७१५ मध्ये ॲमस्टरडॅमच्या नगरभवनात लावताना चारही बाजूंनी कापलं. ते तुकडे गेले ते गेलेच. पण त्याआधी खेरिट लुंडेन्स नावाच्या चित्रकाराने त्याची छोटी प्रत करून ठेवली होती. तिच्याच आधारे २०२१ मध्ये हरवलेल्या पट्ट्या संगणकावर तयार करून काही काळ मूळ चित्राभोवती लावल्या. उलटंही घडतं. रॉबर्ट गिल या ब्रिटिश लष्करी अधिकाऱ्याने अजिंठ्यात वर्षानुवर्षं बसून केलेल्या भित्तिचित्रांच्या बहुतेक प्रती १८६६ मध्ये लंडनच्या क्रिस्टल पॅलेसच्या आगीत जळाल्या.

माझी स्वतःची चित्रं चालू आहेत, पण सावकाश. नक्कल करताना एकेका थराचा क्रम हाताला कळतो, तो पुस्तकात सापडत नाही.

सध्या टेबलावर एक व्यक्तिचित्र आहे. मागे कधीतरी कुणीतरी हौसेने भुवया जाड केल्यात. त्या काढायच्या की तोही चित्राचा इतिहास म्हणून ठेवायच्या, यावर आमच्यात जोरदार वाद चाललाय. मी काढायच्या बाजूने आहे. एक्स-रे आला की खाली काय उरलंय ते दिसेल, मग कळवते.

तुमची लेक