जुन्या किमतींसोबत मजुरी, माप आणि तेव्हाचा रुपयाही छापावा

मा. संपादक यांस,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत गेले काही आठवडे जुन्या किराणा बिलांची, जाहिरातींची आणि सराफांच्या पावत्यांची छायाचित्रे प्रसिद्ध होत आहेत. ही कागदपत्रे जपणाऱ्या वाचकांचे आणि ती छापणाऱ्या आपल्या संपादक मंडळाचे मी मनापासून अभिनंदन करतो, कारण अशा कागदांवाचून सामान्य माणसाच्या संसाराचा इतिहास लिहिताच येत नाही. परंतु या छायाचित्रांखाली दरवेळी ‘काय ती स्वस्ताई!’ एवढाच अर्थ काढलेला असतो, आणि किमतीखेरीज दुसरा एकही आकडा दिलेला नसतो, ही गोष्ट मला खटकते. मी चौतीस वर्षे शाळेत इतिहास शिकवला. एकट्या किमतीवरून विद्यार्थी किती चुकीची समजूत करून घेतात हे मी जवळून पाहिले आहे, म्हणून हे पत्र थोडे विस्ताराने लिहीत आहे.

आधी एका दाव्याविषयी लिहितो. १९४७ साली एक रुपया म्हणजे एक डॉलर होता, आणि देशावर कर्ज नव्हते म्हणून तसे होते, असे वाक्य परवाच्या अंकातील एका मजकुरात आले आहे. स्वातंत्र्यदिनाच्या सुमारास हे वाक्य दरवर्षी मोबाइलवरूनही फिरते. ते खरे नाही. रुपयाचा भाव तेव्हा डॉलरशी थेट बांधलेला नव्हता. तो इंग्रजी पौंडाशी बांधलेला होता. १९२७च्या कायद्याने एक रुपया म्हणजे एक शिलिंग सहा पेन्स असा दर ठरला होता, म्हणजे एका पौंडाला तेरा रुपये पाच आणे चार पै पडत (पौंडाचे वीस शिलिंग आणि शिलिंगाचे बारा पेन्स; रुपयाचे सोळा आणे आणि आण्याच्या बारा पै). पौंडाचा अधिकृत दर ४.०३ डॉलर होता. या दोन आकड्यांवरून एका डॉलरला सुमारे तीन रुपये पाच आणे पडत होते, हे कोणालाही भागाकार करून पाहता येईल. सप्टेंबर १९४९ मध्ये ब्रिटनने पौंडाचे मूल्य २.८० डॉलरपर्यंत खाली आणले, त्याबरोबर रुपयाही उतरला आणि डॉलर ४ रुपये ७६ पैशांच्या जवळ गेला. पुढे ६ जून १९६६ रोजी तो साडेसात रुपये झाला. कर्जाविषयी सांगायचे, तर दुसऱ्या महायुद्धाच्या अखेरीस उलट ब्रिटनच हिंदुस्थानचे मोठे देणे लागत होता आणि आपली स्टर्लिंगमधील, म्हणजे पौंडांतील, शिल्लक लंडनमध्ये अडकून पडली होती. तरीही रुपया डॉलरच्या बरोबरीचा नव्हता.

छायाचित्रांतील किमतींकडे वळले की पहिली अडचण मापाची येते. सोन्याचा जुना भाव तोळ्याचा असतो. पूर्वीचा तोळा ११.६६ ग्रॅमचा होता आणि आज आपण सराफाकडे तोळा म्हणतो तो १० ग्रॅमचा. दोन्ही भाव शेजारी छापले की वाचक नकळत वेगवेगळ्या वजनांची तुलना करतो. धान्याच्या बाबतीत गोंधळ याहून मोठा आहे. जुन्या कागदांत धान्याची ‘धारण’ लिहिलेली असते, आणि ती एका रुपयाला किती शेर किंवा किती पायली अशी असते. म्हणजे आकडा वाढला की स्वस्ताई आणि आकडा उतरला की महागाई. शिवाय शेर काही ठिकाणी वजनाचा, काही ठिकाणी मापाचा, आणि मापाचा शेर गावोगाव निराळा. ‘४॥’ म्हणजे साडेचार, हेही आजच्या तरुण वाचकाला सांगावे लागते. पाव, अर्धा आणि पाऊण दाखवणाऱ्या त्या उभ्या रेघा मोडीबरोबरच दृष्टिआड झाल्या आहेत.

आमच्या घरी माझ्या आजोबांच्या किराणा दुकानाच्या कीर्द-खतावण्या आहेत. दुकान बीड जिल्ह्याच्या पश्चिम कडेला, निजामी मुलूख आणि ब्रिटिश मुलूख यांच्या हद्दीजवळ होते. त्या वह्यांत जागोजाग रकमेपुढे ‘हाली’ किंवा ‘कलदार’ असे लिहिलेले आहे, कारण गिऱ्हाईक दोन्ही प्रकारचा रुपया घेऊन येई. निजामाच्या टांकसाळीतला तो हाली रुपया आणि यंत्रावर पाडलेला इंग्रजी रुपया तो कलदार. शंभर कलदारांना एकशे सोळा हाली रुपये, दहा आणे आणि आठ पै, म्हणजेच सहा कलदारांना सात हाली, असा त्यांचा दर होता. हाली रुपया हैदराबाद संस्थान भारतात आल्यावरही काही वर्षे चालत राहिला आणि १९५९ साली त्याचा व्यवहार संपला. आता या वहीतले एक पान फोटो काढून आपल्याकडे पाठवले आणि त्यावरचा ‘हाली’ हा शब्द कोणी वाचलाच नाही, तर मराठवाड्यातली प्रत्येक वस्तू नगर-पुण्यापेक्षा महाग होती असा निष्कर्ष निघेल, आणि तो साफ चुकीचा असेल.

पेशवाईत तर ही अडचण रोजचीच होती. अंकुशी, चांदवडी आणि आणखी कितीतरी प्रकारचे रुपये एकाच बाजारात चालत, प्रत्येकाची चांदी निराळी, आणि एक देऊन दुसरा घेताना सराफ बट्टा कापून घेई. नावाला बट्टा लागणे हा आपला वाक्प्रचार त्याच व्यवहाराची आठवण सांगतो. न्यायमूर्ती रानडे यांनी १८९९ साली मराठ्यांच्या टांकसाळी आणि नाणी यांवर स्वतंत्र निबंध वाचला होता. चलनाचा विचार केल्याशिवाय राज्याचा इतिहास पुरा होत नाही असे त्यांना वाटले, यात मला काही नवल वाटत नाही.

रुपया एकच झाल्यावरही तो तसाच राहिला नाही. १८३५च्या कायद्याने कंपनी सरकारचा रुपया १८० ग्रेनचा झाला. त्यात बारा भागांत अकरा भाग शुद्ध चांदी असे. तो बरोबर एक तोळा वजनाचा होता, म्हणून ‘रुपयाभार’ हे बाजारातले वजनच होऊन बसले आणि ऐंशी रुपयांच्या वजनाला शेर म्हणू लागले. हा रुपया म्हणजे चांदीचा तुकडाच होता, आणि चांदीचे जे होई ते रुपयाचे होई. १८७० नंतर जर्मनी व इतर देशांनी सोन्याचे चलन स्वीकारले, अमेरिकेत चांदीच्या नव्या खाणी लागल्या, आणि चांदी जगभर उतरत गेली. पूर्वी दोन शिलिंगांच्या आसपास असलेला रुपया सव्वा शिलिंगाच्याही खाली जाऊ लागला. अखेर जून १८९३ मध्ये सरकारने खासगी चांदीचे रुपये पाडून देणे बंद केले आणि तेव्हापासून रुपयाची किंमत त्यातल्या धातूपासून सुटली. १९४० साली चांदीचे प्रमाण निम्म्यावर आले, १९४७ मध्ये रुपया निकेलचा झाला. तेव्हा १८९० सालच्या एका रुपयाला काय मिळत होते आणि आज एका रुपयाला काय मिळते, ही तुलना एक तोळा चांदी आणि एक छापील वचन यांची आहे, हे त्या छायाचित्राखाली कोठेतरी यायला नको का?

आता स्वस्ताईविषयी. स्वस्ताई म्हणजे सुबत्ता, असे आपण गृहीत धरतो, पण महाराष्ट्राच्या शेतकऱ्याचा अनुभव वेगळा आहे. १८१८ नंतर पेशव्यांचा मुलूख कंपनीकडे गेला, सारा रोख रकमेत वसूल होऊ लागला आणि पुढच्या दीड-दोन दशकांत धान्य उतरत गेले. ज्वारी स्वस्त झाली की सारा भरायला तीच ज्वारी अधिक पोती विकावी लागे. साऱ्याचा आकडा मात्र होता तिथेच राही. इंदापूर तालुक्यात कंपनीचे अधिकारी प्रिंगल यांच्या जमीनमोजणीने ठरवलेला सारा असह्य होऊन लोक जमिनी टाकून निघून गेले, बाकी तुंबली, आणि शेवटी १८३६ साली गोल्डस्मिड व विंगेट या अधिकाऱ्यांना तिथे नव्याने मोजणी करून सारा उतरवावा लागला. बाजारात धान्य स्वस्त होते त्याच वर्षांत हे घडत होते. पुढे अमेरिकेतील यादवी युद्धामुळे १८६१ ते १८६५ या काळात आपल्या कापसाला सोन्याचा भाव आला, कर्जे सहज मिळाली. युद्ध संपले, भाव कोसळले आणि कर्ज तेवढेच उरले. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुप्याच्या बाजारात सावकारांच्या वह्या आणि कर्जरोखे जाळले गेले, त्यामागे ही उतरलेली किंमतही होती. आपल्या पुरवणीत १८७२ सालच्या धान्यदराचे कौतुक छापून आले तेव्हा मला सुपे आठवले, आणि खरे सांगायचे तर फार वाईट वाटले.

रुपयाचा विचार त्याच्या क्रयशक्तीवरून करावा, त्याला पौंड किंवा सोने किती मिळते एवढ्यावरून करू नये, ही गोष्ट आपल्याकडे शंभर वर्षांपूर्वीच स्पष्टपणे मांडली गेली आहे. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचा रुपयाच्या प्रश्नावरील प्रबंध १९२३ साली लंडनमध्ये प्रसिद्ध झाला आणि १९२५ मध्ये त्यांनी चलनाच्या चौकशीसाठी नेमलेल्या हिल्टन यंग आयोगापुढे साक्षही दिली. विनिमयाचा दर स्थिर ठेवून भागत नाही, देशातील सर्वसाधारण किंमतपातळी स्थिर राहिली तरच रुपया स्थिर झाला असे म्हणता येईल, असा त्यांचा आग्रह होता. किमती वाढतात तेव्हा मजुरी त्यांच्या मागून रेंगाळत येते आणि मधल्या काळातला तोटा कष्टकऱ्याच्या पदरी पडतो, हेही त्यांनी निदर्शनास आणले. किंमत आणि मजुरी एकत्र पाहण्याची ही दृष्टी आपल्या वाचकांना मिळावी एवढेच माझे मागणे आहे.

हे कसे करता येईल याचे एक उदाहरण देतो. कामगार विभागाच्या औद्योगिक कामगारांसाठीच्या किंमत निर्देशांकाची पायाभूत वर्षे १९६०, १९८२, २००१ आणि २०१६ अशी बदलत गेली, आणि जुना निर्देशांक नव्याशी जोडण्यासाठी ४.९३, ४.६३ आणि २.८८ हे गुणक दिलेले आहेत. त्यांचा गुणाकार सुमारे ६५.७ येतो. म्हणजे १९६० साली एका रुपयाला जे मिळे त्यासाठी २०१६ मध्ये साधारण ६६ रुपये लागत. दुसऱ्या वेतन आयोगाने १९५९ मध्ये केंद्र सरकारच्या सर्वांत खालच्या कर्मचाऱ्याला महिना ८० रुपये किमान वेतन सुचवले होते. त्याचे २०१६च्या किमतीत सव्वापाच हजारांच्या आसपास होतात. सातव्या आयोगाने २०१६ पासून दिलेले किमान वेतन १८,००० रुपये आहे. किमती ६६ पट वाढल्या आणि हे वेतन सव्वादोनशे पट. तेव्हाच्या शिपायाला ती ‘स्वस्त’ साखर आजच्यापेक्षा महागच पडत होती.

हा हिशेब सरकारी नोकराचा आहे, शेतमजुराचा नाही, याची मला जाणीव आहे. ज्याची मजुरी कोणत्याही आयोगाने वाढवली नाही त्याचा हिशेब वेगळा निघेल आणि तोही छापला पाहिजे. रुपया घसरला त्याचा फटका ज्यांना बसला त्यांची बाजूही मी नाकारत नाही. माझ्या आत्याने वैधव्य आल्यावर हाती आलेली रक्कम १९६५ च्या सुमारास टपाल खात्याच्या बचतीत ठेवली आणि वीस वर्षांनी ती काढली, तेव्हा व्याज धरूनही तिच्या गरजेला ती अपुरी पडली. त्याच वेळी ज्या भावाने जमिनीत पैसे घातले तो सुखात होता. महागाईने कोणाचे काय नेले हे सांगायचे, तर असे दोन हिशेब शेजारी ठेवावे लागतात.

म्हणून माझी विनंती अशी की, यापुढे जुनी किंमत छापताना तिच्याखाली तीन गोष्टी द्याव्यात: ती किंमत कोणत्या मापाची आहे, कोणत्या रुपयातली आहे, आणि त्या वस्तूसाठी त्या काळी गवंड्याला, शेतमजुराला किंवा प्राथमिक शिक्षकाला किती दिवस काम करावे लागे. शेवटची माहिती नेहमी मिळेलच असे नाही. ज्या कागदाला ती मिळत नाही तो कागद अवश्य छापावा, फक्त त्याखालचे ‘काय ती स्वस्ताई’ हे शब्द गाळावेत.

आजोबांच्या वह्यांपैकी १९४१ ते १९४८ या वर्षांच्या कीर्दी वाचता येतील अशा अवस्थेत आहेत. दुकानातल्या दोन हमालांना दिलेल्या मजुरीच्या नोंदीही त्यांत आहेत. आपला प्रतिनिधी पाठवल्यास त्या पाहायला आणि छायाचित्रे काढायला मी आनंदाने देईन. मात्र पान छापाल तेव्हा हाली आणि कलदार या नोंदींसह आणि हमालांच्या मजुरीसह ते पूर्ण छापावे.

आपला नम्र,
एक निवृत्त शिक्षक, बीड