ताई, 'एस' कुठे लावायचा ते तुम्ही शिकवलंत

प्रिय ताई,

तुमचं नाव कुठे लिहायचं नाही, असं तुम्ही बजावलंय, म्हणून नुसतं ताई म्हणते. आभार मात्र चारचौघांत मानायचे आहेत. फोनवर मानायला गेले की तुम्ही लगेच पुढच्या चार्टचा, म्हणजे पेशंटच्या नोंदींचा, विषय काढता.

मागच्या आषाढात मी मेडिकल कोडर म्हणून प्रोबेशनवर होते; डॉक्टरांची टिपणं वाचून प्रत्येक आजाराला, जखमेला ठरलेला कोड द्यायचं काम. देवगड तालुक्यातलं आमचं घर, दिवसातून तीनदा जाणारी लाईट, आणि ऑडिटला ९५ टक्के अचूकता हवी. त्या आठवड्यात माझे तीन चार्ट परत आले. तिन्ही हाताच्या नसांचे, म्हणजे मज्जातंतूंचे. त्यातला एक मला अजून तोंडपाठ आहे: सहा वर्षांपूर्वी खिडकीची काच उजव्या कोपराखाली लागली, करंगळीकडे जाणारी अल्नर नस कापली गेली आणि आता करंगळी व अनामिका आत वळलेली. मी एस५४.०१एक्सडी असा एकच कोड टाकून मोकळी झाले होते. पेशंट उपचाराला पुन्हा आलाय, म्हणजे 'डी', एवढाच माझा विचार.

तुम्ही रागावला नाहीत. विचारलंत, "ती जखम अजून भरतेय का?" जखम तर केव्हाच भरली होती, आणि 'डी' जखम भरत असतानाच्या भेटींसाठी. "मग तो डॉक्टरांकडे कशासाठी आलाय?" बोटं वळलीत म्हणून. "मग ते आधी लिही."

तेव्हा कुठे माझ्या डोक्यात उजेड पडला. आज जे भोगणं आहे त्याचा कोड पहिला: उजव्या हाताचा क्लॉ हँड, म्हणजे पंजासारखी आत वळलेली बोटं, एम२१.५११. ते ज्या जखमेमुळे आलं तिचा कोड दुसरा: एस५४.०१एक्सएस. शेवटचा 'एस' म्हणजे सीक्वेला, मागे राहिलेला परिणाम. तो फक्त जखमेच्या कोडला लागतो, वळलेल्या बोटांच्या कोडला नाही. आणि जखम कितीही जुनी असली तरी चालते, त्याला मुदत नाही. मनगट लुळं पडलं असेल तर रेडिअल नस म्हणजे एस५४.२, अंगठ्याकडची बोटं बधिर असतील तर मीडियन म्हणजे एस५४.१ आठवायची, हेही त्याच रात्री. पण 'आठवायची' म्हणजे टाकायची नव्हे, हे तुम्ही दोनदा सांगितलंत. डॉक्टरांनी आजचा त्रास त्या जखमेशी जोडून लिहिला नसेल तर आपण जोडायचा नाही, त्यांनाच विचारणारी क्वेरी पाठवायची. जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ आयसीडी-१० मध्ये, म्हणजे आजारांच्या कोडच्या यादीत, हाताच्या कुठल्याही नसेच्या जुन्या जखमेच्या परिणामाला टी९२.४ हा एकच कोड आहे, हे मला नंतर कळलं. आपण वापरतो ती अमेरिकन आवृत्ती नस कुठली, हात कुठला, सगळं विचारते. आधी मला ती कटकट वाटायची.

फोन ठेवता ठेवता तुम्ही सहज म्हणालात, "असा हात डोळ्यांनी बघितला असशील तर विसरणार नाहीस."

ताई, असा हात समोरच्या पडवीत बसून सुपाऱ्या सोलत होता.

बाबांचा डावा हात. मी तीन वर्षांची असताना शहाळं सोलताना कोयता सटकला आणि मनगटाच्या वर, करंगळीच्या बाजूला लागला. तेव्हा टाके पडले, कातडी जुळली, आणि हात बरा झाला असंच सगळे धरून चालले. नसेबद्दल कुणी विचारलं नाही, आम्हीही नाही. मला आठवतं तेव्हापासून बाबांची दोन बोटं वळलेलीच आहेत. ती त्यांची सवय आहे, असंच मला वाटायचं. चुलीवरचं टोप उतरवताना त्यांची करंगळी भाजायची आणि त्यांना कळायचंही नाही. आई ओरडायची, "लक्ष खंय असता तुमचा?" इतकी वर्षं ती ओरडत होती.

रात्री अकरा वाजता मी तुम्हांला पुन्हा फोन केला आणि तुम्ही उचललात. मी रडत होते. तुम्ही म्हणालात, मी कोडर आहे, डॉक्टर नव्हे, त्यांना हाताच्या सर्जनकडे ने. आणि खोटी आशाही दाखवली नाहीत. कापलेली नस वेळेत जोडली तर दिवसाला साधारण एक मिलिमीटर वाढते, पण स्नायूंना तेवढे दिवस तग धरता आला पाहिजे. इतक्या वर्षांनी नस जोडून फारसं काही हाती लागत नाही, हे तुम्ही आधीच सांगितलंत म्हणून कोल्हापूरला डॉक्टरांनी तेच सांगितलं तेव्हा मी कोलमडले नाही.

डॉक्टरांनी बाबांच्या अंगठ्यात आणि तर्जनीत कागद धरायला दिला आणि हळूच ओढला. अंगठ्याचं पेर वाकलं, कागद सुटला. मग त्यांनी केसपेपरवर लिहिलं: डाव्या हाताचा क्लॉ हँड, अल्नर नसेच्या जुन्या दुखापतीमुळे. 'मुळे' या शब्दावर मी बराच वेळ बोट ठेवून होते. बाबांनी विचारलं काय लिहिलंय, मी वाचून दाखवलं. ते म्हणाले, "म्हणजे ह्येका नाव आसा तर!"

आता बोटं सरळ ठेवायला स्प्लिंट आहे. स्नायूबंध दुसरीकडून वळवून आणायचं ऑपरेशन अजूनही होऊ शकतं, त्यावर विचार चाललाय. चुलीजवळ जाड फडका असतो. आणि आई ओरडत नाही. पहिल्या दिवशी तिने बाबांची करंगळी हातात घेतली आणि नुसती बसून राहिली. हे तुम्हांला सांगायचं राहिलं होतं, त्यासाठीच हे पत्र.

माझं प्रोबेशन संपलं, ते तुम्हांला ठाऊकच आहे. नवीन मुली येतात तेव्हा मीही त्यांना आधी हेच विचारते, जखम अजून भरतेय का.

यंदाची आमसुलं वाळवून ठेवली आहेत, पिशवी बाबांनी स्वतः बांधली आहे. तेवढा घरचा पत्ता पाठवा.

तुमची,
देवगडची विद्यार्थिनी