रॉन बरॅसी रग्बीपटू नव्हते

मा. संपादक,
स. न. वि. वि.

खेळाडू पुढे प्रशिक्षक होतात तेव्हा काय घडते, यावरचा लेख आपल्या रविवारच्या पुरवणीत वाचला. त्यात ऑस्ट्रेलियाच्या रॉन बरॅसींना दीड ओळ मिळाली आहे आणि त्या दीड ओळीत ते 'रग्बीपटू' होऊन बसले आहेत. मी वर्षातले चार-पाच महिने मेलबर्नला मुलीकडे असतो. जावईबापूंना तो अंक दाखवायची माझी छाती झालेली नाही.

बरॅसी खेळले आणि त्यांनी शिकवला तो ऑस्ट्रेलियन रूल्स फुटबॉल, तिथल्या बोलीत 'फूटी'. अंडाकृती मैदान, दोन्हीकडे अठरा-अठरा खेळाडू, गोलाला चार खांब. पायाने मारलेला चेंडू मधल्या खांबांतून गेला तर सहा गुण, कडेच्या खांबांतून गेला तर एक. चेंडू हाताने फेकता येत नाही. लाथ मारायची, नाहीतर एका तळहातावर धरून दुसऱ्या हाताच्या मुठीने ठोसायचा. अजिंक्य रहाणेच्या २०२० मधल्या ११२ धावांमुळे एमसीजी आपल्या ओळखीचे, पण हिवाळ्यात ते मैदान फूटीचे असते. (या खेळाच्या मुळाशीही एक वाचकपत्रच आहे. टॉम विल्स या क्रिकेटपटूचे पत्र १० जुलै १८५८ रोजी मेलबर्नच्या एका साप्ताहिकाने छापले : हिवाळ्यात क्रिकेटपटू सुस्तावतात, तेव्हा फुटबॉलचा क्लब काढा. संपादकांनी ते टोपलीत टाकले नाही हे नशीब.)

आता लेखाच्या मुद्द्याकडे येतो. मोठा खेळाडू मोठा प्रशिक्षक होत नाही, कारण त्याला जे सहज जमते ते इतरांना का जमत नाही हेच त्याला कळत नाही, असे लेखकाचे म्हणणे. निम्मे मला पटते. मी तालुक्याच्या संघातून कबड्डी खेळलो आणि पुढे बरीच वर्षे शाळेतल्या पोरांना शिकवली. पहिली दोन वर्षे मी फक्त 'मी असा चढाईला जायचो' एवढेच ओरडत होतो. पोरे मान डोलवायची आणि पकडली जायची. पण ज्यांना त्या दीड ओळीत या मुद्द्याचा दाखला म्हणून बसवले आहे, ते नेमके उलटे उदाहरण आहे.

बरॅसींचे वडीलही मेलबर्न क्लबचे खेळाडू, १९४० च्या विजेत्या संघातले. पुढच्याच वर्षी दुसऱ्या महायुद्धात, लिबियातल्या टोब्रुकच्या वेढ्यात ते मारले गेले, तेव्हा मुलगा पाच वर्षांचा होता. वडिलांचे सहकारी नॉर्म स्मिथ पुढे त्याच क्लबचे प्रशिक्षक झाले. आई टास्मानियाला गेल्यावर त्यांनी या पोराला आपल्या घराच्या मागच्या खोलीत ठेवून घेतले. १९५३ साली बरॅसी वडिलांच्याच ३१ क्रमांकाच्या जर्सीत उतरले. मेलबर्नकडून २०४ सामने आणि १९५५ ते १९६४ या काळात सहा विजेतेपदे, त्यातली शेवटची दोन कर्णधार म्हणून.

आणि १९६४ संपता संपता ते कार्लटन या मेलबर्न शहरातल्याच दुसऱ्या क्लबात निघून गेले, कर्णधार आणि प्रशिक्षक अशा दुहेरी जबाबदारीवर. गावच्या देवळाच्या पुजाऱ्याने शेजारच्या गावचे देऊळ धरावे तसे ते मेलबर्न क्लबच्या लोकांना वाटले. माझ्या मते बरॅसी प्रशिक्षक म्हणून घडले ते इथे. स्मिथ यांच्या घरात वाढलेला मुलगा त्याच अंगणात राहिला असता तर जन्मभर स्मिथ यांचाच धडा गिरवत बसला असता. मेलबर्न क्लबला मात्र पुढचे विजेतेपद थेट २०२१ साली मिळाले. ते पाहायला बरॅसी होते, पंच्याऐंशी वर्षांचे.

कार्लटन १९६८ ला जिंकले, अंतिम सामन्यात एसेंडनपेक्षा एक गोल कमी करून! ७ गोल आणि १४ एकेरी गुण म्हणजे ५६. समोर ८ गोल आणि ५, म्हणजे ५३. पण खरी गोष्ट १९७० ची. एमसीजीवर १,२१,६९६ प्रेक्षक, समोर कॉलिंगवूड, आणि मध्यंतराला कार्लटन ४४ गुणांनी मागे. तेव्हा मुठीने चेंडू देणे म्हणजे अडचणीत सापडल्यावरची सोय समजली जाई. बरॅसींनी मध्यंतरात सांगितले : मुठीने द्या, धावा, पुन्हा मुठीने द्या. बाकावरच्या टेड हॉपकिन्सला आत आणले, त्याने चार गोल केले. कार्लटन १० गुणांनी जिंकले. या कथेला पन्नास वर्षांत मीठमसाला लागला असणार हे मान्य. तरी ध्यानात घ्या, बरॅसी स्वतः अंगावर जाऊन भिडणारे, धसमुसळे खेळाडू. 'मी खेळायचो तसे खेळा' असे त्यांनी त्या खोलीत म्हटले असते तर सामना हातचा गेला असता.

पुढे नॉर्थ मेलबर्न. १९७२ ला हा संघ तळाला होता, अख्ख्या हंगामात एक विजय. बरॅसी १९७३ ला आले आणि १९७५ ला क्लबच्या इतिहासातले पहिले विजेतेपद आले. १९७७ ला अंतिम सामना बरोबरीत सुटला, आठवड्याने पुन्हा खेळवला गेला, तोही त्यांनीच जिंकला. ते रागीट होते, खेळाडूंना सोलून काढत, आणि प्रत्येकाला ते मानवले नसणार.

अपयशही सांगायला हवे. १९८१ ला ते मेलबर्न क्लबात परतले आणि पाच वर्षांत संघाला बाद फेरीपर्यंतही नेऊ शकले नाहीत. पण गेलिक फुटबॉल खेळणारी आयरिश पोरे हा खेळ शिकू शकतील हे त्यांच्या डोक्यात होते. त्यातून डब्लिनहून आलेला जिम स्टाइन्स १९९१ ला ब्राउनलो पदक, म्हणजे हंगामातल्या सर्वोत्तम खेळाडूचा मान, घेऊन गेला. तोवर बरॅसी पद सोडून गेले होते.

रग्बीचा घोळ कुठून झाला असेल तेही माझ्या लक्षात आले. ऑस्ट्रेलियाच्या नकाशावर एक कल्पित रेघ मानतात, तिच्या एका अंगाला फूटीवेडे प्रांत, दुसऱ्या अंगाला रग्बीवेडे. इयान टर्नर या इतिहासकाराने १९७८ मध्ये तिला 'बरॅसी रेषा' असे नाव दिले. म्हणजे फूटीचा मुलूख ज्यांच्या नावाने ओळखायचा, त्यांनाच आपण रेषेपलीकडे ढकलले! तसे ते पलीकडे गेलेही होते. १९९३ मध्ये, वयाच्या ५७ व्या वर्षी, त्यांनी रग्बीच्या सिडनीत स्वान्स हा फूटीचाच संघ हाती घेतला, तेव्हा तो सामन्यामागून सामने हरत होता. तीन हंगाम त्यांनी तो सांभाळला. ते गेल्यानंतरच्या पहिल्याच वर्षी, १९९६ ला, स्वान्स अंतिम सामन्यात पोचले.

बरॅसी १६ सप्टेंबर २०२३ रोजी वारले. एमसीजीबाहेर त्यांचा पुतळा आहे आणि माझा नातू तिथून जाताना न चुकता त्याच्यासारखा पाय उचलून उभा राहतो. पुढच्या रविवारी 'रग्बीपटू' या शब्दाची दुरुस्ती छापलीत, तर तो अंक मी जावयांना दाखवेन.

आपला,
एक जुना वाचक
पुणे (सध्या मुक्काम मेलबर्न)