मार्गशीर्षात पाऊस कोण विकत घेतो?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

रविवारच्या पुरवणीतली पाऊस विकणाऱ्या कंपनीची गोष्ट वाचली. दोनदा वाचली, कारण पहिल्यांदा वाटलं की चष्मा बदलायला झालाय. तासगावचा द्राक्षबागायतदार, मार्गशीर्ष महिना, मण्यांत नुकतं पाणी उतरलेलं, आणि हा शहाणा बायकोचं डोरलं गहाण टाकून कंपनीकडून दोन तासांचा पाऊस विकत घेतो! अहो, त्या दिवसांत आमच्याकडे आभाळ नुसतं भरून आलं तरी घरात कुणाला जेवण जात नाही. पाणी उतरलेल्या घडावर पाऊस पडला की मणी तडकतात, आणि दर ठरवून गेलेला व्यापारी दुसऱ्या दिवशी फोन उचलत नाही. लेखकांनी त्याला दुष्काळी जतचा ज्वारीवाला केला असता तर मी अवाक्षर काढलं नसतं. आमच्या तालुक्यात ती कंपनी खरोखर आली तर दारात रांग लागेल, पण पाऊस थांबवून घ्यायला. जतकडून पाडायचे पैसे, आमच्याकडून न पाडायचे. कंपनीला दोन्हीकडून मलिदा. एवढा साधा धंदा गोष्टीतल्या त्या चाळीस मजली ऑफिसात कुणालाच सुचू नये?

दुसरं, निरभ्र आभाळात विमान फिरतं आणि दहा मिनिटांत मुसळधार. कृत्रिम पावसाला विमानातून सिल्व्हर आयोडाइड मारा नाहीतर मीठ, मुळात ढग पाहिजे आणि त्यात पाणी पाहिजे. जमिनीत पेरणीजोगी ओल, म्हणजे वापसा, नसताना पेरून उगवतं का? आपल्या सरकारने 2003 साली विमानं उडवली, 2015 ला औरंगाबादेतून उडवली. पुण्याच्या उष्णदेशीय हवामान संस्थेने 2018 आणि 2019 च्या पावसाळ्यात सोलापूरकडे रीतसर प्रयोग केले, तेव्हा कुठे सरासरी 18 टक्के जादा पाऊस मोजला गेला, तोही निवडक ढगांतून. वाईट नाही, पण त्यावर चाळीस मजले चढत नाहीत. असो. पवनचक्क्या ढग पळवतात म्हणून आमच्याच भागात दुष्काळात केवढी हाकाटी झाली होती, तेव्हा लेखकांना तरी काय बोलायचं.

आता ज्यासाठी पत्र लिहायला बसलो ते. हवामानावर पैसा करायला पाऊस पाडावा लागतो, हीच त्या गोष्टीतली मोठी चूक आहे. पाऊस मोजायचं भांडं कुणाच्या अंगणात आहे, एवढं पाहिलं की झालं.

2019 आठवा. ऑगस्टात कृष्णेवरच्या आयर्विन पुलापाशी पाणी 57 फुटांवर गेलं, सांगली बुडाली, आणि त्याच वेळी जत-आटपाडीकडे टँकर चालू होते. मग ऑक्टोबर संपता संपता समुद्रात वादळं उठली आणि आमच्यावर धो धो सुरू झालं. माझी दीड एकर बाग फुलोऱ्यात होती. पहाटे चारला ब्लोअर काढायचा, औषध मारायचं, आठला ते धुऊन जायचं, परत मारायचं. ट्रॅक्टर चाकोरीत रुतून बसला तेव्हा पाठीवर पंप घेतला. शेवटी दावण्या, म्हणजे ओलीत पसरणारा बुरशीचा रोग, आलाच, आणि जे घड राहिले त्यांची कूज-गळ झाली. मी वीस वर्षं बागेत प्लास्टिकचा पर्जन्यमापक ठेवतो, रोज सकाळी वहीत लिहितो. घरचे हसतात. त्या पावसातल्या एका दिवसाची माझी नोंद आहे 38 मिलिमीटर.

फळपीक विम्याचा हप्ता भरलेला होता. उन्हाळ्यात समजलं, आमच्या महसूल मंडळाला, म्हणजे आसपासच्या गावांच्या गटाला, भरपाई नाही. ऑफिसात गेलो (कंपनीचं नाव लिहीत नाही, तुम्ही छापणारही नाही). एक पोरगा होता, वागायला चांगला, पाणी वगैरे दिलं. म्हणाला, "काका, तुमचा ट्रिगर लागला नाही." म्हणजे केंद्रावरच्या पावसाने विम्यात ठरलेला आकडा गाठला नाही. ट्रिगर म्हणजे बंदुकीचा घोडा हे मलाही कळतं, गोळी मलाच का लागली, एवढंच कळेना. त्याने कागद फिरवून दाखवला. त्याच दिवशी मंडळाच्या हवामान केंद्रावर पाऊस 4 मिलिमीटर. केंद्र माझ्या बागेपासून अकरा किलोमीटर, मधे डोंगर. मी वही पुढे केली. तो म्हणाला, "ही चालत नाही, काका."

येताना वाट वाकडी करून केंद्र बघून आलो. जाळीच्या कुंपणावर दोडक्याचा वेल पार वर चढून वाळला होता. दोडके मात्र चांगले धरले असावेत, त्यांना पाऊस पोचला असणार. घरी येऊन शेजारच्या अण्णांना सगळं सांगितलं तर म्हणाले, "कागुद म्हंतोय पाऊस पडला न्हाई, मग त्या दिशी तू भिजलास कशानं?" यावर माझ्याकडे आजही उत्तर नाही.

तेव्हा लेखकमहाशयांना माझा निरोप द्यावा. गोष्ट छान आहे, भाषाही ओघवती आहे, पण विमान, रडार, समुद्रातलं गुप्त बेट हा सगळा खर्च फुकटचा आहे. पुढचा भाग येणार असं खाली छापलंय. त्यात नायकाला बागेतच ठेवा, फक्त डोरलं सोडवा आणि हातात एक वही द्या. ऐन छाटणीच्या धांदलीत येणार नसतील तर लेखकांनी एकदा आमच्याकडे मुक्कामाला यावं. माझी वही आणि तो वेल दोन्ही दाखवीन. वेल अजून कुणी काढलेला नाही.

आपला,
एक द्राक्षबागायतदार
ता. तासगाव, जि. सांगली

ता. क. : बेदाण्याच्या सौद्याचे दर तुम्ही छापता ते दोन दिवसांपूर्वीचे असतात आणि अंक आमच्या फाट्यावर साडेदहाच्या एसटीने येतो. तोवर व्यापारी येऊन, चहा पिऊन, भाव पाडून गेलेला असतो. मागच्या महिन्यात तर हिरव्या बेदाण्याचा दर काळ्यापुढे छापला होता. त्याचा खुलासा अजून वाचनात आला नाही.